दुधनीच्या शांताबाईंचा प्रश्न

गाणाऱ्या नटी शांता आपटे दुधनीच्या. १९१६ साली एका स्टेशनमास्तरांच्या घरात त्यांचा जन्म झाला. दुधनी म्हणजे अक्कलकोट तालुक्याचं टोक. सोलापूरहून निघालेली गाडी दुधनी सोडते आणि थोड्याच वेळात कर्नाटकात शिरते. पुढं गाणगापूर रोड, मग कलबुर्गी. त्या काळी या भागात निजामाचा मुलूख सुरू व्हायचा. १९४८ ला निजामी गेली, १९५६ ला राज्यं नव्यानं आखली, आमचा बीदर-गुलबर्ग्याचा भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला, पुढं गुलबर्ग्याचं कलबुर्गी झालं. माणसं होती तिथंच राहिली. बाजारात कानडी, घरात मराठी आणि शेजाऱ्याच्या ओट्यावर दखनी बोलत राहिली.

आळंद भागातली आमची माणसं दुधनीला नेहमी जातात. तुरीचा हंगाम आला की पोती भरलेले टेंपो तिकडं निघतात, पौर्णिमेला गाणगापूरचे दत्तभक्त त्याच रुळांवरून जातात. दुधनी कशासाठी माहीत आहे, असं त्यांना विचारलं तर तूर सांगतील, अडत सांगतील, एखादा जुना माणूस रेल्वेचं सांगेल. शांता आपट्यांचं नाव कुणी घेत नाही. मला याचं वाईट वाटतं. ज्या आवाजानं एके काळी मुंबईपासून लाहोरपर्यंत थिएटरं भरली, तो आवाज पहिल्यांदा रडला तो आमच्या वेशीवर, आणि वेशीला त्याची खबर नाही.

स्टेशनमास्तरांची नोकरी बदलीची, तेव्हा दुधनीनं त्यांना घडवलं असं मी म्हणणार नाही. वडील घरात गुणगुणायचे आणि त्या गुणगुणण्यातूनच पोरीला गाण्याचं वेड लागलं, एवढं मात्र सांगितलं जातं. पुढं पंढरपूरच्या महाराष्ट्र संगीत विद्यालयात शिक्षण झालं, पुण्याच्या गणेशोत्सवांत लहान वयातच गाणं सुरू झालं. १९३२ साली भालजी पेंढारकरांनी ‘श्यामसुंदर’मध्ये त्यांना राधा केलं, कृष्ण होता शाहू मोडक. मुंबईच्या वेस्ट एंड थिएटरात तो चित्रपट पंचवीस आठवडे चालला. मग प्रभात. कोल्हापूरहून नुकती पुण्याला आलेली ती कंपनी, व्ही. शांतारामांचा ‘अमृतमंथन’, साल १९३४. शांताबाई तेव्हा अठरा वर्षांच्या होत्या.

तोवर पडद्यावर गाणं म्हणजे उभं राहून गाणं. माइकच्या टप्प्यात राहायचं, मान हलवायची नाही, सूर सांभाळायचा. शांताबाई गाताना डोळे बोलायचे, हात चालायचे, खांदे उडायचे. गाणं सुरू झालं म्हणून बोलणं थांबलं असं त्यांच्या बाबतीत होत नसे. बोलता बोलता बाई गाण्यात शिरायची आणि गाणं संपवून तशीच पुन्हा बोलण्यात यायची. आज हे सगळ्याच नट्या करतात, त्यामुळं त्यात काय विशेष, असं वाटेल. पहिल्यांदा कुणीतरी करावं लागतं.

‘कुंकू’ १९३७ चा. नारायण हरी आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून शांतारामांनी तो केला, आणि हिंदीत तोच ‘दुनिया न माने’ झाला. अनाथ नीराला मामा पैशासाठी एका म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधतो. ती म्हाताऱ्याला नवरा मानायला साफ नकार देते. घर सोडून पळत नाही, जीव देत नाही, नशिबाला बोल लावत बसत नाही. त्याच घरात राहते आणि रोज नाही म्हणते. केशवराव दात्यांनी केलेला तो वकील वाईट माणूस नाही, म्हणून तर तिचं नाही म्हणणं जास्त अवघड. या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. घड्याळाचा लंबक हलतो तो ऐकू येतो, आरसा फुटतो तो ऐकू येतो. नीराला गायचं असेल तर ती ग्रामोफोनला चावी देते, तबकडी लावते आणि तिच्या साथीनं गाते. घरात आपली बाजू घेणारं कुणी नाही, तेव्हा साथ यंत्राकडून घ्यायची! आणि त्या बंद घरात ती लाँगफेलोची इंग्रजी कविता गाते, जगण्याला रणांगण म्हणणारी. नऊवारीतली पोर, तोंडात इंग्रजी शब्द, सूर आपला. मी हे गाणं पुन्हा पुन्हा पाहते. त्यात हनुवटी किंचित वर उचलून पुढचा शब्द घेण्याची त्यांची एक लकब आहे. समोर कुणी उभं आहे आणि त्याला आपण उत्तर देतो आहोत, अशी ती लकब.

याच चित्रपटात म्हाताऱ्याच्या मुलीचं काम शकुंतला परांजप्यांनी केलं आहे. रँग्लर परांजप्यांची ही मुलगी केंब्रिजला शिकलेली, पुढं कुटुंबनियोजनाच्या कामात पडली, राज्यसभेवर गेली, आणि मराठीत लिहीतही राहिली. नीरा आणि सुशीला, पडद्यावरच्या त्या सावत्र मायलेकी समोरासमोर बसून बोलतात तेव्हा दोघी लिहित्या बायका एकमेकींशी बोलताहेत हे कळल्यावर तो प्रसंग वेगळाच दिसू लागतो. त्याआधीच्या वर्षीच्या ‘अमरज्योती’त शांताबाई आणि दुर्गाबाई खोटे एकत्र होत्या. त्या दोघींचीही पुस्तकं झाली. सिनेमाच्या पहिल्या बोलत्या पिढीतल्या बायकांना दुसऱ्यांनी लिहिलेलं बोलून पोट भरावं लागलं, पण त्यांतल्या कितीतरी जणींच्या मनात स्वतःचं लिहायचं होतं.

जुलै १९३९ मध्ये शांताबाईंनी प्रभातच्या फाटकाशी उपोषण केलं. वाद करारावरून आणि पगारावरून होता. ज्या कंपनीच्या चित्रपटांवर त्यांचं नाव बघून लोक तिकिटं काढत होते, तिच्याच दाराशी त्या अन्न सोडून बसल्या. पत्रकारांची गर्दी झाली, गावभर चर्चा झाली. लवकरच प्रभातशी संबंध तुटला. आज त्या आवारात चित्रपटाचं शिक्षण देणारी राष्ट्रीय संस्था आहे. २०१५ साली तिथले विद्यार्थी दीर्घ संपावर बसले तेव्हा मला या बाईची आठवण झाली होती. वर्तमानपत्रांनी ती काढल्याचं मला दिसलं नाही.

शांताबाईंचं नाव निघालं की लोक छडीची गोष्ट सांगतात. अद्वातद्वा लिहिणाऱ्या एका संपादकाच्या कचेरीत जाऊन बाईंनी त्याला छडीनं फोडून काढलं, ही ती गोष्ट. फार रंगवून सांगितली जाते, आणि ‘कुंकू’तली नीराही लंपट सावत्र मुलाला चोप देते, त्यामुळं ती आणखीच शोभून दिसते. पण छडी उगारणं एका दिवसाचं काम. १९४० साली, वयाच्या चोविसाव्या वर्षी, त्यांनी जे केलं ते मला त्याहून मोठं वाटतं. त्यांनी पुस्तक लिहिलं. नाव ठेवलं ‘जाऊ मी सिनेमांत?’

नटीचं पुस्तक म्हटल्यावर वाचक काय शोधणार? कुणाशी सूत जुळलं, कुणाशी बिनसलं, दागिने किती, गाड्या किती. या पुस्तकाला त्यात रस नाही. सिनेमात येऊ बघणाऱ्या मुलामुलींच्या मनात जो प्रश्न असतो तोच त्यांनी शीर्षकाला दिला आणि त्या मुलांशी बोलायला बसल्या. पैसा कुणाच्या हातात असतो, करार कसा बांधून टाकतो, दिवस किती तासांचा असतो, दिव्यांच्या भगभगाटात तीच हालचाल पुन्हा पुन्हा करताना शरीर कसं शिणतं, आणि भांडवलवाल्याच्या हिशेबात ते शिणणं कुठं मांडलेलं असतं, हे त्या सांगतात. पडद्यावर ज्याला कला म्हणतात ते पडद्यामागं मजुरी असतं आणि मजुरीचे प्रश्न तिथंही तेच असतात, असं त्यांचं सरळ म्हणणं आहे.

आमचे वडील तुरीचा माल घालून आले की कंदिलाजवळ बसून अडत्यानं दिलेली पट्टी वाचायचे. प्रत्येक ओळीवर बोट. माल किती भरला, भाव काय लागला, अडत किती कापली, हमाली किती, तोलाई किती, आणि सगळं वजा जाता हातात काय आलं. बेरीज चुकली तर पुढच्या खेपेला बोलून दाखवायचे. शांताबाईंनी सिनेमाच्या धंद्याची अशी पट्टी वाचून दाखवली, आणि तीही जिचा माल विकला जात होता त्या बाईनं. लोक चमकणाऱ्या चेहऱ्याचा भाव विचारत होते. त्या वजाबाकीच्या ओळी वाचत होत्या.

मराठीत नट्यांच्या पुस्तकांची चांगली मोठी रांग आहे आणि त्यातली कितीतरी मला प्रिय आहेत. हंसा वाडकरांचं ‘सांगत्ये ऐका’ १९७० ला पुस्तक झालं. त्यांनी सांगितलं आणि अरुण साधूंनी शब्दांकन केलं. जखम उघडी करून दाखवणारं तसं दुसरं पुस्तक मराठीत नाही असं माझं मत आहे. त्यावरून श्याम बेनेगलांनी ‘भूमिका’ केला आणि स्मिता पाटील घराघरात पोचल्या. स्नेहप्रभा प्रधानांचं ‘स्नेहांकिता’ आहे. लीला चिटणीस आमच्याच कर्नाटकातल्या, धारवाडच्या. त्यांचं ‘चंदेरी दुनियेत’ आहे. दुर्गाबाईंचं ‘मी, दुर्गा खोटे’ १९८२ चं. लहान मुलं पदरात असताना, घरची श्रीमंती ओसरल्यावर, सॉलिसिटर बापाची झेवियर्समध्ये शिकलेली लेक नाइलाजानं सिनेमात आली आणि त्या नाइलाजाचा तिनं केवढा मान केला, हे ते पुस्तक सांगतं.

या सगळ्या बायका मागं वळून लिहितात. काम आवरत आलं आहे, ज्यांना राग यायचा त्यांतले निम्मे गेले आहेत, आपल्याला आता कुणी कामावरून काढणार नाही, अशा वेळी हात मोकळा होतो आणि माणूस खरं बोलतं. त्यात उणं काही नाही. पण शांताबाईंनी लिहिलं तेव्हा चूल त्याच धंद्यावर पेटत होती. ज्यांच्याविषयी लिहायचं त्यांच्याच दारात दुसऱ्या दिवशी काम मागायला जायचं होतं. घरात थोरल्या भावाची करडी देखरेख, बाहेर मालकवर्ग, आणि वय चोवीस. बाकीच्या सांगतात, माझं काय झालं. शांताबाई सांगतात, तुझं काय होईल. मागून येणाऱ्या मुलीला वाचवायला भरधाव चालू गाडीतून हात बाहेर काढणारी ही बाई आहे, आणि म्हणून या रांगेत मी त्यांना पहिलं स्थान देते. केवळ आधी लिहिलं म्हणून नव्हे.

मला या ठिकाणी बसवकल्याणची आठवण येते. आमच्या बीदर जिल्ह्यातलं हे कल्याण बाराव्या शतकात शरणांचं, म्हणजे वचनं रचणाऱ्या शिवभक्तांचं, गाव होतं. अक्कमहादेवी तिथं आल्या, वाद झाला, मानल्या गेल्या, हे सर्वांना ठाऊक आहे. पण शरणांच्या त्या मेळ्यात आयदक्कि लक्कम्मा नावाची एक बाई होती. नवरा मारय्या सांडलेले तांदूळ वेचून आणायचा, त्यावर घर चालायचं आणि अतिथीही जेवायचे. एक दिवस तो रोजच्यापेक्षा जास्त तांदूळ घेऊन आला. लक्कम्मानं त्याला दारातच अडवलं. आपल्या कष्टाचे जेवढे तेवढेच घरात यायचे, वरचे जिथून आणले तिथं टाकून ये, म्हणाली. तिची वचनं कानडीत आजही गातात. कष्ट आणि त्याचा मोबदला यांचा हिशेब बाईनं चोख मांडावा आणि तो शब्दांत ठेवून जावा, ही या मातीला नवी गोष्ट नाही. लक्कम्मा जास्तीचं परत करायला सांगते, शांताबाई कमी पडलेलं मागतात. हिशेब एकच आहे.

पुस्तकानंतर शांताबाईंचं काम थांबलं नाही. १९४१ साली त्यांनी तमिळ ‘सावित्री’ केला. त्यासाठी तमिळ शिकल्या, आणि त्या चित्रपटात नारद होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी. मराठी बाईनं तमिळ बोलून तमिळ गाणी म्हणायची आणि समोर साक्षात सुब्बुलक्ष्मी, याला छाती लागते. आमच्याकडं हुमनाबादला माणिकप्रभूंनी मराठीत, कानडीत, हिंदीत पदं रचली. भाषेची वेस ओलांडताना इकडच्या माणसाचा पाय अडखळत नाही, हे मला शांताबाईंच्या बाबतीतही म्हणावंसं वाटतं, मग जन्मानंतर त्या दुधनीत किती राहिल्या हा प्रश्न असला तरी. १९४२ ला लाहोरला जाऊन ‘जमीनदार’ केला. १९४६ च्या ‘सुभद्रा’त त्यांच्याबरोबर एक कोवळी मुलगी गायली, तिचं नाव लता मंगेशकर. पुढं गाणारा गळा वेगळा आणि दिसणारा चेहरा वेगळा अशी वाटणी पक्की झाली, आणि दोन्ही एकाच अंगात घेऊन आलेल्या बायकांचा काळ सरला. शांताबाईंच्या वाट्याला मग लहानसहान कामं आली. २४ फेब्रुवारी १९६४ ला मुंबईत त्या गेल्या. पन्नाशीही झाली नव्हती.

मी ज्या शाळेत शिकवते तिथं मराठीच्या वर्गातली पोरं दरवर्षी कमी होत चालली आहेत. जी उरली आहेत त्यांच्यात एक मुलगी आहे, दहावीतली. गळा चांगला, चेहरा बोलका, गॅदरिंगमध्ये तिच्या एकटीच्या कामावर टाळ्या पडतात. मोबाइलवर ती छोटे छोटे तुकडे करून टाकते, आणि ते बघून कुण्या एजन्सीवाल्यानं तिला फोन केला. पुण्याला ये, मालिकेत काम देतो. मधल्या सुट्टीत ती माझ्याजवळ आली आणि खालच्या आवाजात म्हणाली, “बाई, म्या जाऊ का नगं?”

तिला जा म्हणणं सोपं होतं आणि नको म्हणणं त्याहून सोपं. आमच्याकडं पोरीला नको म्हणायला कुणाची परवानगी लागत नाही. माझ्या आत्यानं जत्रेतल्या तंबूत सिनेमा बघितला होता तरी पडद्यावरच्या बायकांना ती आयुष्यभर ‘तसल्या’ म्हणत राहिली. शांताबाईंनीही या प्रश्नाला सरळ हो किंवा नाही असं उत्तर देऊन मुलांना वाटेला लावलं नाही. जाणार असशील तर काय बघून जायचं ते सांगितलं. मी तिला शांताबाईंविषयी सांगितलं. ‘कुंकू’तलं गाणं दाखवलं. दुधनीच्या होत्या म्हटल्यावर ती पटकन म्हणाली, “आपल्या दुधनीच्या?” मग आम्ही दोघींनी कागद घेतला आणि त्या माणसाला विचारायचे प्रश्न लिहिले. काम कोणतं, दिवस किती, तास किती, राहायची सोय कुठं, सोबत कोण येऊ शकतं, पैसे किती आणि कधी, कागदावर सही कुणाची, अभ्यासाचं काय.

ते विचारल्यावर पलीकडून उत्तर आलं की आधी फोटोंचा संच करावा लागेल, त्याचे वीस हजार भरा, बाकीचं पुण्यात बोलू.

दुसऱ्या दिवशी तिची आई शाळेत आली. तूर कापायला, हरभरा उपटायला रोजानं जाणारी बाई. डोक्यावरचा पदर सारखा करत दारातच उभी राहिली. आत या, बसा म्हटलं तरी बसेना. लेकीनं लिहिलेला तो कागद तिनं हातात धरला होता, वाचता येत नसूनही.

“बाई, पोरीनं समदं सांगितलं,” ती म्हणाली. “येक इचारते. कामाला जायाचं, आन् पैसं बी आपणच द्यायाचं? हे कसलं काम म्हणायचं?”

लेक तिच्या मागं उभी होती. “आये, म्या त्येच इचारलं त्याला,” ती म्हणाली.